मगोचा इतिहास लिहायचाय? आधी १९६७ ची गाठ सोडवा

महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाचा, म्हणजे आपल्या मगोचा, इतिहास लिहायला बसलेला माणूस बहुधा गोव्याचे पहिले मुख्यमंत्री आणि मगोचे नेते भाऊसाहेब बांदोडकर यांच्या पेडण्यातल्या जन्मापासून सुरुवात करतो. मग खाणी, दानधर्म, १९६३ ची निवडणूक असं करत तो १२ ऑगस्ट १९७३ ला, भाऊसाहेबांच्या निधनापाशी, पोचतो आणि तिथे त्याची शाई संपते. पुढची पन्नास वर्षं दोन परिच्छेदांत उरकलेली असतात. फोंड्याकडे ग्रंथपाल म्हणून नोकरी करताना असे कितीतरी प्रकल्प आणि स्मरणिकांतले लेख माझ्या टेबलावरून गेले. निवृत्तीनंतरही पोरं घरी येतातच. त्यांना जे सांगते तेच इथे लिहिते आहे. उदाहरण मगोचं असलं तरी रीत तेलुगू देसमला चालेल, आसाम गण परिषदेला चालेल. भाषा, भूमी आणि सत्ता यांच्यामध्ये पाय रोवून उभ्या राहिलेल्या कुठल्याही प्रादेशिक पक्षाला ती थोड्या फरकाने लावता येईल.

गाठ कुठे आहे ते पाहा

इतिहास लिहायला घेण्याआधी एक प्रश्न हवा, आणि तो तुमच्या गाइडने दिलेला नको. पक्षाच्या वाटचालीत असा एखादा क्षण शोधा जो सरळ हिशेबात बसत नाही. मगोच्या बाबतीत तो शोधायला लांब जावं लागत नाही.

मगोचा जन्मच गोवा महाराष्ट्रात विलीन व्हावा या मागणीतून झाला. पक्षाच्या नावातच ते आहे. १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला, १९६३ मध्ये पक्ष निघाला आणि त्याच वर्षी ९ डिसेंबरला झालेली पहिली विधानसभा निवडणूक जिंकून तो सत्तेवर बसला. देशभर राज्य करणाऱ्या काँग्रेसला त्या निवडणुकीत एकच जागा मिळाली, आणि तीही दमणची. गोव्याच्या भूमीवर शून्य. पुढे विलीनीकरणाचा निकाल लोकांनीच लावावा असं ठरलं. संसदेने १९६६ मध्ये त्यासाठी कायदा केला, कौल मोकळ्या वातावरणात व्हावा म्हणून भाऊसाहेबांच्या सरकारने राजीनामा दिला आणि १६ जानेवारी १९६७ ला जनमत कौल झाला. विलीनीकरणाला चिन्ह होतं फूल, संघप्रदेश म्हणून वेगळं राहण्याला दोन पानं.

फुलाला १,३८,१७० मतं पडली, दोन पानांना १,७२,१९१. मगोची मुख्य मागणी ३४,०२१ मतांनी हरली.

आता यापुढचं पाहा. अवघ्या दोन महिन्यांत, मार्च १९६७ मध्ये, विधानसभेची निवडणूक झाली. ज्या पक्षाचा जीव ज्या मागणीत होता ती लोकांनी नुकतीच नाकारलेली. तरी मगोला १६ जागा मिळाल्या, विलीनीकरणाला विरोध करणाऱ्या युनायटेड गोवन्स पक्षाला, म्हणजे युगोला, १२. भाऊसाहेब पुन्हा मुख्यमंत्री.

तेच मतदार, तीच गावं, मध्ये जेमतेम दोन महिने. हे कसं झालं, याचं उत्तर ज्या लेखात नाही तो मगोचा इतिहास म्हणून मी वाचत नाही. तुमचं सगळं काम या एका प्रश्नाभोवती लावा. तारखा, माणसं, कायदे आपोआप आपापल्या जागी बसतील.

आकड्यांची पाटी

हे काम कंटाळवाणं आहे, म्हणून आधी उरकून टाका. एक मोठा कागद घ्या आणि निवडणुकीगणिक मगोच्या जागा लिहा. निवडणूक आयोगाचे सांख्यिकी अहवाल इंटरनेटवर मिळतात. दुसऱ्या कोणाच्या लेखातून उतरवू नका.

१९६३ मध्ये १४ की १६ (ते खाली पाहू), १९६७ मध्ये १६, १९७२ मध्ये १८, १९७७ मध्ये १५, १९८० मध्ये घसरून ७, १९८४ मध्ये ८, १९८९ मध्ये पुन्हा १८, १९९४ मध्ये १२, १९९९ मध्ये ४, २००२ आणि २००७ मध्ये दोन-दोन, २०१२ आणि २०१७ मध्ये तीन-तीन, २०२२ मध्ये २.

या रांगेत दोन ठिकाणी ठेच लागते. १९७२ चे १८ आणि १९८९ चे १८ एकसारखे नव्हेत. आधीचं सभागृह ३० जणांचं होतं: गोव्याच्या २८ जागा, दमणची एक आणि दीवची एक. ३० मे १९८७ ला गोवा घटक राज्य झाला आणि विधानसभा ४० जणांची झाली. म्हणजे पहिल्या १८ मध्ये निर्विवाद बहुमत होतं, दुसऱ्या १८ मध्ये विरोधी बाक. त्या १९८९ च्या सभागृहात काँग्रेसकडे २० होते आणि अपक्ष दोन. पुढच्या दोन वर्षांत पणजीत जो तमाशा झाला त्याचं बीज या तीन आकड्यांत आहे. दुसरी ठेच १९६३ ची. मगोच्या जागा कुठे १४ लिहिलेल्या दिसतील, कुठे १६. मित्रांना धरून मोजलं की नाही, एवढाच तो फरक. लोकसभेच्या निकालातही हीच गोष्ट दिसते: १९६३ मध्ये गोव्याच्या दोन्ही जागा मगोच्या बाजूने गेल्या, पण मुकुंद शिंक्रे मगोचे आणि पीटर आल्वारिस प्रजा समाजवादी पक्षाचे. तुम्ही कोणताही आकडा घ्या, पण मोजणी कशी केली ते शेजारी लिहा आणि शेवटपर्यंत तीच पद्धत ठेवा.

जनमत कौलाच्या आकड्यावरही जरा थांबा. एकूण मतदार ३,८८,४३२, मतदान ३,१७,६३३. ३४ हजारांचा फरक मोठा वाटतो, पण सतरा हजार माणसांनी विचार बदलला असता तर आज पणजी हे महाराष्ट्रातल्या एका जिल्ह्याचं ठिकाण असतं. "गोव्याने एकमुखाने नाकारलं" असं वाक्य कोणाच्या प्रबंधात दिसलं की मी पेन्सिलीने खाली रेघ मारते. फुलाला पडलेली १,३८,१७० मतंही गोव्याचीच होती.

तालुका धरा

राज्याचा एकूण निकाल फार काही सांगत नाही. नकाशा काढा आणि त्यावर दोन रंग भरा: तिसवाडी, साष्टी, बार्देश, मुरगाव एका रंगात. पेडणे, डिचोली, सत्तरी, फोंडा, सांगे, केपे, काणकोण दुसऱ्यात. पहिल्या जुन्या काबिजादी, सोळाव्या शतकात पोर्तुगिजांच्या ताब्यात गेलेल्या. दुसऱ्या नव्या काबिजादी, अठराव्या शतकात आलेल्या. धर्म, भाषा, शाळा, जमीनधारणा, सगळ्यांतला फरक या रेषेने जातो. मगोचं बळ नव्या काबिजादीत, युगोचं जुन्यांत, त्यातही साष्टीत.

आता गाठीचा पहिला धागा हाताला लागतो. जनमत कौलात गोव्यातलं प्रत्येक मत एकाच ढिगात पडलं. साष्टीत दोन पानांवर पडलेली मतं इतकी भरभरून होती की त्यांनी पेडणे-सत्तरीच्या फुलांना झाकून टाकलं. विधानसभेला मात्र मतदारसंघ २८. साष्टीतला उमेदवार शंभर मतांनी आला काय आणि हजारोंनी आला काय, आमदार एकच. ढिगात हरलेला पक्ष तुकड्यांत जिंकू शकतो.

एवढ्यावर समाधान मानून बसणारे पुष्कळ आहेत. बसू नका, कारण हे गणित खरं असलं तरी अर्धंच आहे. दोन पानांवर फक्त ख्रिस्ती मतं पडली असती तर कौलाचा निकाल असा लागला नसता. हिंदू घरांतूनही दोन पानांना मतं गेली, आणि त्यांतल्या काही घरांनी मार्चमध्ये सिंहावर, म्हणजे मगोच्या चिन्हावर, शिक्का मारला. माझं माहेर पेडण्याकडचं, सगळी फुलवाली. सासर मडगावचं. सासऱ्यांचं बाजारात छोटं दुकान होतं, घरात मराठी पोथ्या, मराठी नाटकांचं वेड, आणि मत दोन पानांना. मार्चमध्ये सिंह. मी नवी सून असताना एकदा विचारलं, "मामंजी, असं कसं?" ते म्हणाले, "मुंबईहून कलेक्टर आला असता तर त्याला माझं दुकान माहीत असतं काय? आणि भाटकारांचा पक्ष निवडून दिला असता तर माझ्या भावाची शेती राहिली असती काय?" (भाटकार म्हणजे जमीनदार.) या दोन प्रश्नांत जे सापडलं ते मला पुढे कुठल्या परिसंवादात सापडलं नाही.

दोन वर्तमानपत्रं, एकच तारीख

पणजीला पाटोवर कृष्णदास शामा राज्य मध्यवर्ती ग्रंथालय आहे. तिथे जुन्या वर्तमानपत्रांच्या फायली मागता येतात. डिसेंबर १९६६ ते एप्रिल १९६७ एवढाच काळ घ्या. सगळं वाचायचा मोह धराल तर फेब्रुवारीपर्यंतही पोचणार नाही.

'गोमन्तक' आणि 'राष्ट्रमत' ही दोन दैनिकं शेजारी ठेवा. 'गोमन्तक' विलीनीकरणाच्या बाजूचं. मडगावहून निघणारं, चंद्रकांत केणींच्या संपादकत्वाखालचं 'राष्ट्रमत' विरोधातलं. आणि दोन्ही मराठी! महाराष्ट्रातल्या वाचकाला हे ऐकून दर वेळी आश्चर्य वाटतं. मराठी वाचणारा म्हणजे विलीनीकरणवादी असं समीकरण मुंबईत बसून मांडलं गेलं, आचार्य अत्र्यांच्या 'मराठा'नेही ते हिरिरीने मांडलं. पण विलीनीकरण नको हे मराठी वाचणाऱ्या हिंदूंना मराठीतून पटवून देण्याचं काम याच मडगावच्या दैनिकाने केलं. उदय भेंब्रे यांचं त्यातलं सदर लोक वाट पाहून वाचत.

वहीचं पान मधोमध दुमडा. डावीकडे एका पत्राची टिपणं, उजवीकडे दुसऱ्याची, वर तारीख. अग्रलेख शेवटी वाचा, कारण त्यात काय असणार हे तुम्हाला आधीच माहीत असतं. आधी वाचा वाचकांची पत्रं, सभांच्या जाहिराती, आतल्या पानावरच्या गावोगावच्या बातम्या. सभा कोणत्या देवळासमोर झाली, अध्यक्ष कोण होता, गावातल्या कोणत्या वाड्यावर झाली. अध्यक्षाचं आडनाव आणि वाड्याचं नाव मिळालं की पक्ष गावात कोणाच्या अंगणात उभा होता ते कळतं. फायलींचा कागद फार ठिसूळ झालेला असतो. पान वरच्या कोपऱ्यातून दोन्ही हातांनी उलटा, बोट ओलं करू नका आणि पेन आत नेऊ नका. फोटो काढायची परवानगी आधी मागा. खिडकीजवळचं टेबल मिळालं तर पकडा.

आता जमिनीकडे

खरा इतिहास इथे आहे, म्हणून इथे वेळ घालवा.

गोव्यात कूळ आणि मुंडकार हे दोन वेगळे. कूळ दुसऱ्याची शेती कसतो आणि खंड देतो. मुंडकार दुसऱ्याच्या भाटात घर बांधून राहतो. त्याचं छप्पर त्याचं, खालची जमीन भाटकाराची. पोर्तुगिजांच्या काळात भाटकार म्हणाला "ऊठ" की मुंडकाराला उठावं लागे. मग तो भाटकाराच्या घरची पडेल ती कामं करी, आणि निवडणुका आल्यावर भाटकाराचा पक्ष कोणता हेही त्याला पाहावं लागलं असतं. १९६३ मध्ये काँग्रेसने तिकिटं दिली ती बरीचशी अशाच बड्या घरांत. मगो उभा राहिला तो बहुजन समाजाच्या जोरावर. सामान्य माणसाला राज्य आपल्या हातात आल्यासारखं प्रथमच वाटलं. खुद्द भाऊसाहेब खाणमालक होते, हा विरोधाभास लपवू नका आणि त्याला फार चढवूही नका. ते श्रीमंत होते, पण गोमंतक मराठा समाजातले, आणि त्या वेळच्या प्रतिष्ठितांच्या दिवाणखान्यात त्यांना खुर्ची आपणहून मिळत नव्हती.

१९६४ मध्ये शेतजमिनीच्या कुळांना संरक्षण देणारा कायदा झाला. गावोगाव मराठी प्राथमिक शाळा निघाल्या. जिथे मुलं गुरं राखत होती तिथे पाटी-पेन्सिल आली. जानेवारी १९६७ मध्ये लोकांना "गोवा कुठे असावा" असं विचारलं गेलं आणि मार्चमध्ये "गोव्यात राज्य कोणाचं असावं" असं. गाठीचा दुसरा धागा हा. शाळेत जाणारं पोर आणि कसत असलेली शेती फुलाबरोबर हरली नव्हती, ती अजून राखायची होती. मगोला मत देऊन ती राखता येत होती.

हे कागदावर पाहायचं असेल तर गावातल्या एखाद्या जुन्या सर्व्हे नंबरचा एक-चौदाचा उतारा काढा, म्हणजे महाराष्ट्रातल्या सातबाऱ्यासारखा जमिनीच्या नोंदीचा कागद. वर कब्जेदाराचं नाव असतं, खाली कुळाचा रकाना, आणि आणखी एक रकाना इतर हक्कांचा. भाटातल्या घरांत राहणाऱ्या मुंडकारांची नावं बहुधा या शेवटच्या रकान्यात सापडतात. कब्जेदाराच्या जागी एकच नाव आणि इतर हक्कांत ओळीने सात-आठ, असा उतारा पाहिला की पक्षाला मतं कुठून आली ते वेगळं सांगावं लागत नाही. तुमच्या घरच्याच सर्व्हे नंबरपासून सुरुवात करा. परक्याचा उतारा घेतलात तर लेखात नाव छापू नका. मामलेदार कचेऱ्यांत कूळ-मुंडकाराचे दावे आजही चालू आहेत, आणि तुमचा प्रकल्प कोणाच्या वकिलाच्या हातात पडेल सांगता येत नाही.

म्हाताऱ्या माणसांशी बोलताना

प्रश्न कोंकणीतून विचारा, टिपण हवं तर मराठीत करा. घरात कोंकणी, शाळेत नि देवळात मराठी, अशी इथली रीत. मराठीतून विचारलंत की समोरचा सभेतल्यासारखं बोलायला लागतो.

"तुम्ही मगोला मत का दिलं?" हा प्रश्न कुचकामी आहे. त्याला उत्तर ठरलेलं असतं: "भाऊंसाठी." त्याऐवजी विचारा: तुमचं घर कोणाच्या भाटात होतं? खंड किती द्यायचात, भातात की पैशांत? घरातलं पहिलं शाळेत गेलेलं मूल कोण, कितव्या इयत्तेपर्यंत? फुलाच्या दिवशी मतदानाला कोण कोण गेलं, बायका एकत्र गेल्या का? या उत्तरांत भाऊ आपोआप येतात, आणि येतात तेव्हा खरे येतात.

एक गोष्ट मात्र पाहून घ्या. आजी सांगेल, "आमचं घर आमच्या नावावर भाऊंनी केलं." मुंडकार कायदा झाला १९७५ मध्ये. कसणाऱ्याला जमिनीचा मालक करणारी कूळ कायद्याची पाचवी दुरुस्ती १९७६ ची, आणि तिने धरलेली तारीख २० एप्रिल १९७६. भाऊसाहेब त्याआधीच गेले होते. हे दोन्ही कायदे शशिकलाताई काकोडकरांच्या मुख्यमंत्रिपदाच्या काळातले. गोव्याची पहिली स्त्री मुख्यमंत्री, आणि जमिनीचं सगळ्यात मोठं काम जिच्या सहीने झालं तिचं नाव त्याच जमिनीवर बसलेली माणसं घेत नाहीत. आजीला दुरुस्त करू नका. तिचं वाक्य जसंच्या तसं लिहा, खाली कायद्याचं साल लिहा, आणि हा फरक का पडला असेल यावर अर्धं पान तुमचं स्वतःचं लिहा. माझं मत विचाराल तर मगोच्या इतिहासात ताईंवर सर्वांत जास्त अन्याय झाला आहे, आणि तो करण्यात मगोवालेच पुढे होते. बाप गेला म्हणून गादीवर बसलेली मुलगी, एवढ्यावर तिची बोळवण करतात. सहा वर्षं राज्य केलं तिने.

'मध्यममार्गी' हे लेबल कसं तपासायचं

मगोला कोणी उजवं म्हणतं, कोणी समाजवादी वळणाचं, आणि बरेच जण सुरक्षित म्हणून मध्यममार्गी म्हणतात. शब्दावर वाद घालू नका. दोन याद्या करा: पक्षाने सत्तेत असताना काय केलं, आणि पक्ष कोणाकोणाबरोबर बसला.

पहिल्या यादीत कूळ, मुंडकार, शाळा आहेत, आणि त्याच काळात खाणींचा धंदा निर्धास्त चालू आहे. हा झाला एक मध्य. दुसरी यादी जास्त मजेची. १९६३ मध्ये प्रजा समाजवादी. १९७० मध्ये मगोच्याच काही आमदारांनी बंड केलं, आणि भाऊसाहेबांचं सरकार तरलं ते युगोच्या काही आमदारांच्या आधाराने. जनमत कौलात समोरासमोर लढलेली माणसं तीन वर्षांत एका बाकावर! १९९० मध्ये काँग्रेसमधून फुटलेल्यांबरोबर सरकार. त्यात आधी चर्चिल आलेमाव थोड्या दिवसांचे मुख्यमंत्री, मग लुईस प्रोतो बार्बोझा. १९९४ मध्ये भाजपशी युती. २०१२ मध्ये पुन्हा भाजप. २०१७ ची निवडणूक गोवा सुरक्षा मंच आणि शिवसेनेबरोबर भाजपच्या विरोधात लढवली आणि निकालानंतर पर्रीकरांना पाठिंबा दिला. २०२२ ला तृणमूल काँग्रेसबरोबर लढले आणि निकालानंतर पुन्हा भाजप सरकारात.

प्रत्येक नोंदीपुढे एकच गोष्ट लिहा: त्या बदल्यात पक्षाने काय मागितलं? सुरुवातीच्या नोंदींत उत्तर मिळतं ते धोरणाचं. १९९० मध्येही आहे: ताई शिक्षणमंत्री असताना प्राथमिक शाळांचं अनुदान प्रादेशिक भाषेतून शिकवण्याशी जोडलं गेलं. पुढे पुढे या रकान्यात फक्त खात्यांची नावं येऊ लागतात. धोरणासाठी मध्यावर उभं राहणं आणि सत्तेच्या जवळ पडतं म्हणून मध्यावर उभं राहणं यांतली सीमा कुठल्या सालात ओलांडली गेली ते तुमच्या यादीवरून ठरवा. मी १९९४ धरते. तुम्ही दुसरं धराल तर कारण द्या.

उतार लिहिताना

उतरणीचं एकच कारण शोधू नका आणि मृत्युलेखही लिहू नका. पक्ष अजून आहे.

मी तीन कारणं वेगवेगळी ठेवते. पहिलं, मागणीच संपली. ४ फेब्रुवारी १९८७ ला राजभाषा कायदा झाला: कोंकणी राजभाषा, आणि मराठीचा सरकारी कामकाजात वापर करण्याची तरतूद. त्याच वर्षी मे महिन्यात घटक राज्य. विलीनीकरणाचं दार तेव्हा बंद झालं. त्यानंतरही पक्षाने नाव बदललं नाही, याची दखल घ्या.

दुसरं, मित्र वाढला. १९९४ मध्ये मगो १२ आणि भाजप ४. १९९९ मध्ये भाजप १० आणि मगो ४. २००२ मध्ये भाजप १७, मगो २. मगोचं अंगण भाजपला कसं सापडलं याचं वर्णन करायला हे सहा आकडे पुरेत, विशेषणं लागत नाहीत. मधल्या १९९६ मध्ये रमाकांत खलप उत्तर गोव्यातून लोकसभेवर निवडून गेले आणि केंद्रात कायदा राज्यमंत्री झाले. घसरगुंडीच्या काळातली ही उंची अनेकजण विसरतात.

तिसरं कारण, फुटी. एप्रिल १९७९ मध्ये ताईंचं सरकार स्वपक्षीयांमुळे पडलं. १९८० मध्ये निवडून आलेल्या सातांतले बहुतेक काँग्रेसमध्ये गेले, आणि खुद्द ताईही गेल्या. खलपांसारखे थोडेच मागे राहिले आणि पक्ष जगला. जानेवारी १९९१ मध्ये रवी नाईक मगोतून फुटून काँग्रेसच्या मदतीने मुख्यमंत्री झाले. त्या फुटीतून उभा राहिलेला खटला सर्वोच्च न्यायालयात गेला आणि १९९४ चा तो निकाल पक्षांतराच्या कायद्यावर आजही वकील काढून दाखवतात. लेखी राजीनामा दिला नाही तरी वागणुकीवरून माणसाने पक्ष सोडला असं मानता येतं, हे त्यात आहे. राज्यशास्त्राचे विद्यार्थी देशभर तो निकाल वाचतात आणि तो कुठल्या पक्षाच्या घरातला आहे हे गोव्यातल्याच पोरांना ठाऊक नसतं.

तेव्हा एक तृतीयांश आमदार फुटले तर चालत असे. २००३ च्या घटनादुरुस्तीने ती सवलत गेली, आता विलीनीकरणाला दोन तृतीयांश लागतात. कायदा कडक झाला खरा, पण छोट्या पक्षाचं गणित पाहा: मार्च २०१९ मध्ये मगोचे आमदार तीन होते. मनोहर आजगावकर आणि दीपक पाऊसकर यांनी मध्यरात्रीनंतर भाजपमध्ये विलीन होत असल्याचं पत्र दिलं. तिनातले दोन म्हणजे बरोबर दोन तृतीयांश. एकटे राहिलेले सुदिन ढवळीकर मंत्रिमंडळातून गेले. २०२२ मध्ये मडकईतून ते आणि मांद्रेतून जीत आरोलकर निवडून आले, आणि ढवळीकर पुन्हा मंत्री झाले.

लिहून झाल्यावर

'थोर', 'द्रष्टे', 'बहुजनांचे कैवारी' ही विशेषणं शोधून खोडा. त्यांच्या जागी साल आणि कृती घाला. पक्षांची नावं पहिल्या वेळी पूर्ण लिहा, मग मगो, युगो चालेल. दमण-दीवचे आकडे गोव्याच्या आकड्यांत मिसळलेत का ते पुन्हा तपासा, कारण १९८७ पूर्वीच्या तक्त्यांत ही गफलत हमखास होते. २००० पूर्वीचं सभागृहातलं काही उद्धृत करताना ठिकाण पर्वरी लिहू नका. विधानसभा २००० पर्यंत पणजीत जुन्या आदिलशाही वाड्यात भरत होती.

मसुदा दोन घरांत वाचायला द्या: एक फुलवालं, एक दोन पानांवालं. साष्टीतलं घर मराठी वाचणारं नसेल तर समोर बसून कोंकणीतून सांगा, चहाला नाही म्हणू नका. जिथे फुलवाले म्हणतील "हे कशाला घातलंस" आणि जिथे दोन पानांवाले म्हणतील "हे का घातलं नाहीस", त्या जागांवर खुणा करून घरी या. दोघांनी एकाच परिच्छेदावर बोट ठेवलं असेल, तर तो परिच्छेद बहुधा १९६७ च्या मार्चचा असतो. त्याचे पुरावे पुन्हा काढून बघा आणि तो आणखी पानभर वाढवा.